शेजारच्या शिबिरातली मुलं : उत्तर अमेरिकेतल्या महाराष्ट्र मंडळांना खुलं पत्र

प्रति,
अध्यक्ष, कार्यकारिणी सदस्य, मराठी शाळांचे शिक्षक आणि पालक,
उत्तर अमेरिकेतली सर्व महाराष्ट्र मंडळं

सप्रेम नमस्कार.

संक्रांतीचा कार्यक्रम उरकला की बहुतेक मंडळांमध्ये वर्षाच्या खर्चाचा विषय निघतो. पाडव्याला कोणाला बोलवायचं, गणपतीसाठी हॉल आताच धरून ठेवायचा का, अधिवेशनाला मुलांचं नाटक न्यायचं तर नेपथ्याचं काय, हे सगळं त्या एका बैठकीत ठरतं. त्याच बैठकीत आणखी एक विषय घ्यावा, एवढ्यासाठी हे पत्र लिहिते आहे. आपण ज्या शहरांत राहतो तिथल्या कृष्णवर्णीय वस्त्यांमध्ये दर उन्हाळ्यात मुलांची शिबिरं भरतात. कुठे चर्चच्या हॉलमध्ये, कुठे सुट्टीत रिकाम्या पडलेल्या शाळेत. आपण कोण, कुठून आलो, आपल्याला काय काय जमतं, हे त्या मुलांना तिथे उमजतं. या शिबिरांच्या पाठीशी आपल्या मंडळांनी उभं राहावं, आणि ते एका शनिवारच्या सेवा उपक्रमापुरतं नको. उन्हाळा सुरू व्हायच्या आधीपासून तो संपेपर्यंत हवं.

मी रॉलीशेजारी केरीमध्ये राहते. रविवारी मराठी शाळेत शिकवते. उन्हाळ्यात एका चर्चमध्ये भरणाऱ्या फ्रीडम स्कूलमध्ये, म्हणजे अशाच एका शिबिरात, जाते. कधी मुलांना गोष्ट वाचून दाखवते, एरवी नाश्त्याच्या टेबलावर, हजेरीला, जिथे हात कमी पडतील तिथे. दोन्हीकडची मुलं मला रोजच्या रोज दिसतात, आणि म्हणूनच आपण मराठी माणसं या विषयापासून एवढी लांब का, हा प्रश्न मला गप्प बसू देत नाही.

ही गोष्ट आपल्या अंगणातली आहे. केरी-मॉरिसव्हिलमध्ये मराठी कुटुंबं आता इतकी आहेत की दुकानात मराठीत बोलताना आजूबाजूला पाहून बोलावं लागतं. तिथून अर्ध्या तासाच्या आत रॉलीच्या डाउनटाउनमध्ये शॉ युनिव्हर्सिटी आहे. यादवी युद्ध संपलं त्याच वर्षी, १८६५ मध्ये, गुलामीतून नुकत्याच सुटलेल्या माणसांसाठी स्थापन झालेलं हे विद्यापीठ. फेब्रुवारी १९६० मध्ये आपल्याच राज्यात, ग्रीन्सबरोला, चार कॉलेजकुमार वूलवर्थच्या दुकानातल्या फक्त गोऱ्यांसाठी राखलेल्या खाण्याच्या काउंटरवर जाऊन बसले आणि ते लोण गावोगाव पोहोचलं. एप्रिलमध्ये, ईस्टरच्या सुट्टीत, एला बेकर यांनी या आंदोलनातल्या विद्यार्थ्यांना शॉमध्ये एकत्र बोलावलं. बेकरबाई स्वतः शॉच्याच विद्यार्थिनी. मोठ्या पुढाऱ्यांनी या मुलांना आपल्या संघटनांमध्ये सामावून घेऊ नये, मुलांनी आपली संघटना आपण चालवावी, असा त्यांचा आग्रह होता. त्या बैठकीतून स्टुडंट नॉनव्हायोलंट कोऑर्डिनेटिंग कमिटी उभी राहिली. सगळे तिला ‘स्निक’ म्हणत.

फ्रीडम स्कूल ही कल्पना याच ‘स्निक’मधली. डिसेंबर १९६३ मध्ये चार्ल्स कॉब या तरुण कार्यकर्त्यानं ती मांडली. मिसिसिपीतल्या कृष्णवर्णीय मुलांच्या सरकारी शाळा नुसत्या गरीब नव्हत्या, त्या मुलांना गप्प बसायला शिकवत होत्या. मतदानाचा हक्क, आपला इतिहास, आपल्या गावात कोणाकडे काय आहे आणि का आहे, यातलं काहीही वर्गात विचारायची सोय नव्हती. म्हणून १९६४ च्या उन्हाळ्यात ज्या शाळा निघाल्या त्यांचा पायाच प्रश्न विचारण्यावर घातला गेला. चाळीसच्या वर शाळा, दोन हजारांहून जास्त मुलं. चर्चमध्ये, घरांच्या ओसरीवर, झाडाखाली. एका चर्चमध्ये अशी शाळा भरायची होती, ते लाँगडेलचं मौंट झायन चर्च १६ जूनला जाळलं गेलं. त्याची चौकशी करायला गेलेले जेम्स चेनी, अँड्र्यू गुडमन आणि मायकेल श्वर्नर हे तिघे २१ जूनच्या रात्री मारले गेले आणि ४ ऑगस्टला मातीच्या एका बांधाखाली त्यांचे मृतदेह सापडले. वर्ग तरीही भरत होते. मॅककोंब गावात कार्यकर्त्यांच्या घरावर बॉम्ब पडला, तेव्हा एका शाळकरी मुलीनं त्यावर कविता लिहिली. ती गावातल्या थोरामोठ्यांनी ऐकली आणि भीतीपोटी जागा नाकारणाऱ्यांनी शाळेसाठी चर्चचं दार उघडलं.

हे वाचताना मुक्ता साळवे आठवल्याशिवाय राहत नाही. जोतिबा-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकणाऱ्या मातंग समाजातल्या या मुलीचा मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध १८५५ मध्ये ‘ज्ञानोदया’त छापून आला. कोणीतरी तिला फळ्यापुढे बसवलं आणि तुझं म्हणणं लिही म्हणून सांगितलं. पुढचं तिनं केलं.

मिसिसिपीतल्या त्या अभ्यासक्रमात तीन प्रश्न होते, ते पुन्हा पुन्हा विचारले जायचे. बहुसंख्याकांच्या संस्कृतीतलं काय आपल्याला हवं आहे? त्यातलं काय आपल्याला नको आहे? आणि आपल्याकडचं काय आपल्याला जपायचं आहे?

मंडळींनो, हे तीन प्रश्न आपल्या ओळखीचे नाहीत का? पालकसभेत दर वर्षी आपण याच प्रश्नांभोवती फिरतो. मुलांनी इथल्यासारखं मोकळेपणानं बोलावं, पण आजी आली की पाया पडावं. डब्यात पोळी-भाजी न्यायची लाज वाटू नये. आपलं नाव शिक्षकांना जमत नाही म्हणून स्वतःच ‘सॅम’ होऊ नये. रविवारची झोप मोडून आपण मुलांना मराठी शाळेत नेतो ते व्याकरणासाठी थोडंच? आठवड्यातले दोन तास तरी त्यांना आपल्यासारख्या माणसांनी भरलेल्या खोलीत बसायला मिळावं, जिथे स्वतःबद्दल काही समजावून सांगावं लागत नाही, म्हणून नेतो. मुलाला ताठ मानेनं जगायला काय लागतं, हे आपल्याला नेमकं ठाऊक आहे. त्यासाठी आपण हॉल भाड्यानं घेतले, अभ्यासक्रम लिहिले, लेझीम मागवली. तेच काम चार मैलांवर, आपल्यापेक्षा कितीतरी कठीण परिस्थितीत चाललेलं असताना ते आपल्याला दिसत कसं नाही?

कठीण का, तेही सांगायला हवं, कारण ‘आमचीही मुलं अल्पसंख्यच आहेत’ असं उत्तर मला मंडळात मिळालेलं आहे. आहेत. पण आपल्या मुलाकडे वर्गात पाहिलं जातं तेव्हा तो गणितात हुशार असणार असं गृहीत धरलं जातं. शेजारच्या बाकावरच्या कृष्णवर्णीय मुलाबद्दल काय गृहीत धरलं जातं? अमेरिकेच्या शिक्षण खात्याच्या २०११-१२ च्या आकडेवारीत बालवाडीतल्या मुलांमध्ये कृष्णवर्णीय मुलं १८ टक्के होती, आणि एकाहून जास्त वेळा शाळेतून काही दिवसांसाठी घरी पाठवल्या गेलेल्या मुलांमध्ये ४८ टक्के. बालवाडी म्हणते आहे मी. तीन-चार वर्षांची मुलं. जॉर्जटाउनच्या लॉ स्कूलनं २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दिसलं की कृष्णवर्णीय मुली पाच वर्षांच्या असल्यापासूनच मोठ्यांना कमी निरागस वाटतात आणि त्यांना मायेची, सांभाळण्याची गरज कमी आहे असं मानलं जातं.

मूल हे सगळं टिपत असतं. १९४० च्या सुमारास केनेथ आणि मेमी क्लार्क या मानसशास्त्रज्ञ नवरा-बायकोनं लहान मुलांपुढे बाहुल्या ठेवल्या. रंग सोडला तर सगळ्या सारख्या. यातली चांगली कुठली, वाईट कुठली, तुझ्यासारखी कुठली? पुष्कळ कृष्णवर्णीय मुलांनी गोरी बाहुली चांगली म्हटली, सावळी वाईट म्हटली, आणि शेवटच्या प्रश्नाला काही मुलं रडायला लागली, काही खोलीतून निघून गेली. शाळांमधल्या वंशभेदाविरुद्धच्या ब्राउन खटल्याच्या १७ मे १९५४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं या कामाचा दाखला घेतला. निकालानं शाळांचे दरवाजे कायद्यानं उघडले. मुलाच्या मनात बसलेल्या त्या उत्तराचं काय करायचं, ते काम घरांवर, चर्चवर आणि शिबिरांवर राहिलं.

आता शिबिरात काय होतं ते सांगते. आजच्या फ्रीडम स्कूल चिल्ड्रन्स डिफेन्स फंड या संस्थेच्या आहेत. मिसिसिपीत वकिलीची सनद मिळालेल्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला मेरियन राइट एडलमन यांनी १९७३ मध्ये ही संस्था काढली आणि १९९० च्या दशकात हे उन्हाळी वर्ग सुरू केले. साधारण सहा आठवडे. नाश्ता आणि जेवण तिथेच. दहा मुलांमागे एक प्रशिक्षक, तोही कॉलेजात शिकणारा. काही ठिकाणी लॅटिनो मुलंही बरीच असतात, आणि कोणालाच दार बंद नसतं. पण पुस्तकं, गाणी, इतिहास आणि बोलण्याची ढब कृष्णवर्णीय मुलांना आपली वाटेल अशी असते.

दिवसाची सुरुवात ‘हराम्बे’नं होते. सगळे मिळून ओढू या, अशा अर्थाचा हा स्वाहिली पुकारा. अर्धा तास टाळ्या, पाय आपटणं, गाणी, प्रत्येक गटाच्या आरोळ्या. पहिल्यांदा गेले तेव्हा मला वाटलं मुलांची झोप उडवायला हे करत असतील. मग मधला एक भाग पाहिला आणि तिथेच थबकले. या भागात मुलं एकमेकांचं कौतुक करतात, पण नुसतं ‘छान’ म्हणून चालत नाही, काय छान ते सांगावं लागतं. एक आठ-नऊ वर्षांची मुलगी उभी राहिली, वेण्यांच्या टोकाला पिवळे मणी. तिनं गटातल्या एका मुलाचं पूर्ण नाव घेतलं, आडनावासकट. म्हणाली, काल मोठ्यानं वाचताना हा एका शब्दावर चार वेळा अडला, तरी त्यानं पुस्तक माझ्याकडे ढकललं नाही. सगळ्या हॉलनं त्या मुलाचं नाव तालावर तीनदा घेतलं. तो मुलगा मान खाली घालून बुटाची लेस बांधत राहिला, बांधलेलीच लेस. दुपारी मी त्याला वाचताना पाहिलं, बोट शब्दाखाली ठेवून, ओठ हलवत, पान न सोडता.

आत्मविश्वासाची भाषणं आपण खूप ऐकतो. मला त्या हॉलमध्ये जे दिसलं ते असं की मुलाला कोणीतरी नीट पाहिलेलं असावं लागतं. कुठे अडला, कसा सुटला, हे लक्षात ठेवणारं माणूस लागतं, आणि शक्यतो ते माणूस त्याच्यासारखं दिसणारं असावं. अमेरिकेतल्या सरकारी शाळांच्या शिक्षकांमध्ये कृष्णवर्णीय जेमतेम सहा-सात टक्के आहेत, त्यात पुरुष तर फारच थोडे. आपल्या नॉर्थ कॅरोलिनातल्याच मुलांच्या नोंदींवर झालेला आणि २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेला एक अभ्यास आहे. अगदी गरीब घरातल्या कृष्णवर्णीय मुलाला तिसरी ते पाचवीत एक जरी कृष्णवर्णीय शिक्षक मिळाला, तर पुढे तो शाळा सोडण्याची शक्यता ३९ टक्क्यांनी घटते. एक शिक्षक, एक वर्ष! म्हणून शिबिरातल्या त्या विशीतल्या प्रशिक्षकांचं मला फार अप्रूप आहे. सहा फूट उंचीचा, इंजिनिअरिंगला असलेला एक मुलगा सहा वर्षांच्या पोरांपुढे मांडी घालून बसतो आणि गोष्टीतल्या आजीचा आवाज काढतो. पोरं त्याच्या खांद्यावर चढतात. मोठेपणी असंही होता येतं, हे त्यांना कोणी वेगळं सांगत नाही.

पोहण्याच्या दिवसाबद्दल थोडं जास्त लिहिणार आहे, कारण आपल्यातल्या अनेकांना तो विषयच माहीत नाही. बस तलावावर जाते, मुलं पाण्यात उड्या मारतात आणि पाच-सहा मुली बाकावर बसून राहतात. बाहेरून आलेल्या स्वयंसेवकाला वाटतं, लाजतायत, नाही तर घाबरतायत. खरं कारण केसांचं असतं. आईनं रविवारी चार-पाच तास बसवून घातलेल्या वेण्या क्लोरीनच्या पाण्यात खराब होतात, नेहमीची टोपी त्या केसांवर बसत नाही. आपल्या प्रशिक्षक ताईनं पिशवीतून मोठ्या घेराच्या टोप्या काढल्या, आधी स्वतःच्या वेण्या आत कोंबून दाखवल्या, मग एकेकीच्या केसांना तेल लावून टोपी चढवली. अर्ध्या तासानं बाकावर कोणी नव्हतं. अशाच मोठ्या टोप्यांना २०२१ मध्ये आंतरराष्ट्रीय जलतरण संघटनेनं टोकियो ऑलिंपिकसाठी परवानगी नाकारली होती. जगभर ओरड झाल्यावर २०२२ मध्ये दिली.

आणि केसांच्याही मागे इतिहास आहे. सार्वजनिक तलाव या देशात पिढ्यानपिढ्या गोऱ्यांचे होते. आपल्या रॉलीत कृष्णवर्णीय कुटुंबांसाठी वेगळं चॅव्हिस पार्क १९३० च्या दशकात बांधलं गेलं, तलाव आणि लाकडी घोड्यांचा फिरता पाळणा असलेलं. लांबलांबून लोक यायचे, कारण दुसरीकडे जायची सोय नव्हती. शिकागोत १९१९ च्या जुलैमध्ये युजीन विल्यम्स हा १७ वर्षांचा मुलगा तराफ्यावरून वाहत गोऱ्यांच्या बाजूच्या पाण्यात गेला, त्याच्यावर दगडफेक झाली आणि तो बुडाला. त्यानंतरच्या दंगलीत ३८ माणसं मेली. फ्लोरिडातल्या सेंट ऑगस्टीनला १८ जून १९६४ रोजी आंदोलक एका मोटेलच्या तलावात उतरले, तर व्यवस्थापकानं पाण्यात ॲसिड ओतलं. त्याचे फोटो आहेत. ज्यांना पाण्यात उतरू दिलं नाही त्यांनी मुलांना पोहायला शिकवायचं कसं? अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राच्या आकडेवारीनुसार १० ते १४ वयाची कृष्णवर्णीय मुलं तलावांमध्ये बुडून मरण्याचं प्रमाण गोऱ्या मुलांच्या साडेसात पटींहून अधिक आहे. म्हणून एका मुलीच्या डोक्यावर नीट बसणारी टोपी ही मला फार मोठी गोष्ट वाटते.

आता आपल्याबद्दल.

आपण या देशात आहोत तेच मुळी या आंदोलनामुळे. १९४६ च्या कायद्यानं भारतीयांना इथे येऊन राहायला वर्षाला शंभरच जागा होत्या. वंशावरून कोटा ठरवणारी ती पद्धत १९६५ च्या कायद्यानं मोडली, आणि तो कायदा झाला तो नागरी हक्क चळवळीनं देशाची लाज चव्हाट्यावर मांडली म्हणून. ज्यांनी मार खाल्ला, तुरुंग भोगले, त्यांची नातवंडं आज त्या चर्चमध्ये नाश्त्याच्या रांगेत उभी आहेत. आणि नातं त्याच्याही आधीचं आहे. जोतिबांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामी मोडण्यासाठी झटलेल्या अमेरिकेतल्या सत्पुरुषांना. बाबासाहेब हार्लेम या कृष्णवर्णीय वस्तीशेजारच्या कोलंबिया विद्यापीठात शिकले आणि १९४६ मध्ये त्यांनी कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहून कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागितली. याच ड्यू बॉइस यांनी १९२० मध्ये खास कृष्णवर्णीय मुलांसाठी मासिक काढलं होतं, कारण बाकीच्या मासिकांत त्या मुलांना आपल्यासारखं कोणी भेटत नव्हतं. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर निघाली तिनं नाव घेतलं ओकलंडच्या ब्लॅक पँथरचं. त्या पँथरनी १९६९ मध्ये एका चर्चमध्ये शाळकरी मुलांना सकाळचा नाश्ता द्यायला सुरुवात केली होती. मंडळाच्या व्यासपीठावर आपण फुले-आंबेडकर जयंती साजरी करतो. त्यांनी ज्यांच्याशी नातं जोडलं ते लोक आपल्या शेजारी राहतात.

आणि आपल्या घरात आपण काय बोलतो? मी शिबिरात जाते म्हटल्यावर एका पालकांनी विचारलं, त्या भागात गाडी कुठे लावता? दुसऱ्यांनी सांगितलं, जपून, तिकडची मुलं वाया गेलेली असतात. मागच्या सीटवर त्यांची दोन्ही मुलं बसलेली होती. ‘त्या भागातून जाऊ नको’, ‘ती शाळा नको, तिथे तेच लोक आहेत’ ही वाक्यं जेवणाच्या टेबलावर सहज येतात. मुलीचा रंग सावळा म्हणून हळहळणं तर आपण गावाकडून सोबतच आणलं. लग्न जमवताना ‘गोरी, सुस्वरूप’ अजून सुटलेलं नाही. मराठी शाळेत मी पाचवीच्या मुलांना स्वतःचं चित्र काढायला सांगते तेव्हा गडद रंगाच्या मुली पेटीतला सगळ्यात फिका खडू उचलतात. क्लार्क दांपत्याच्या बाहुल्या आपल्याही घरात आहेत. म्हणून हे काम उपकाराच्या भावनेनं कोणी करू नये. त्या शिबिरांनी जे शोधून काढलं आहे ते आपल्या मुलींनाही हवं आहे.

काही जण म्हणतात, एका वंशाच्या मुलांची वेगळी शिबिरं म्हणजे फूट पाडणं. हे आपण म्हणावं? आपलं मंडळ, आपली शाळा, आपलं अधिवेशन. आपल्या मुलांना चार दिवस आपल्यांत राहू दिल्यानं ती अमेरिकेपासून तुटतात असं आपल्याला कधी वाटलं नाही. मॅसॅच्युसेट्समध्ये कॅम्प ॲटवॉटर १९२१ पासून आहे, तो निघाला कारण कृष्णवर्णीय मुलांना इतर कॅम्पमध्ये घेतच नव्हते. ती परंपरा शंभर वर्षांची झाली आणि तिथून बाहेर पडलेली मुलं सगळ्यांमध्ये मिसळून डॉक्टर, न्यायाधीश, शिक्षक झाली.

मग करायचं काय? पहिलं म्हणजे पैसा, आणि तो योग्य ठिकाणी. वह्या-पेन्सिली गोळा करून फोटो काढू नका. वह्या त्यांच्याकडे ढिगानं येतात. अडतं ते प्रशिक्षकांच्या मानधनाशी आणि बसच्या भाड्याशी. कॉलेजच्या मुलाला उन्हाळ्यात दुकानात जास्त पैसे मिळाले तर तो तिकडे जाणार, आणि त्याच्याबरोबर दहा मुलांचा तो दादा जाणार. सरकारी निधीचा भरवसा धरता येत नाही. २०२५ च्या उन्हाळ्यात शाळेबाहेरच्या आणि उन्हाळी वर्गांसाठीचा केंद्राचा निधी १ जुलैला रोखला गेला आणि काही आठवड्यांनी, शिबिरं अर्धी झाल्यावर, सुटला. ज्या संचालिकेला जुलैमध्येच पगार द्यायचे होते तिनं काय केलं असेल, याचा विचार करा. गणपतीच्या एका संध्याकाळच्या जेवणावर आपण जेवढं खर्च करतो त्यात एका प्रशिक्षकाचा उन्हाळा निघतो.

दुसरं, आपली अकरावी-बारावीची मुलं. त्यांना जरूर पाठवा, पण कॉलेजच्या अर्जात तास दाखवायला नको. तसं आलेलं मूल तिथली पोरं पहिल्याच दिवशी ओळखतात. सहा आठवडे रोज येणार असेल तर पाठवा, आणि तिथे त्याला कोणी शिकवायला लावणार नाही हे आधी सांगून ठेवा. तो खुर्च्या लावेल, दूध वाटेल, प्रशिक्षक सांगेल ते करेल. वीस वर्षांच्या कृष्णवर्णीय दादाच्या हाताखाली काम करणं, त्याचं ऐकणं, त्याच्यासारखं बोलता यावं असं वाटणं, हे आपल्या मुलांच्या वाट्याला एरवी येत नाही.

तिसरी गोष्ट सगळ्यात अवघड आहे. शिबिर त्यांचं आहे, ते त्यांनाच चालवू द्या. आपल्याला व्यवस्थापन येतं, एक्सेल येतं, आपण लगेच समित्या नेमतो. बॅनर नको, व्यासपीठावर सत्कार नको, ‘आमच्या मंडळानं दत्तक घेतलेलं शिबिर’ असं वार्तापत्रात नको. एला बेकरनी १९६० मध्ये मोठ्या नेत्यांना जे सांगितलं ते आपल्यालाही लागू आहे. हराम्बेला पाहुणा म्हणून गोष्ट वाचायला बोलावलं तर जरूर जा. मुक्ता साळवेची गोष्ट सांगा. मी सांगितली तेव्हा एका मुलीनं विचारलं, तिचा निबंध छापल्यावर तिला शिक्षा झाली का? मी म्हटलं, नाही, आम्ही अजून तो वाचतो. ती म्हणाली, मग मला माझाही छापायचाय. त्यांच्या शिबिराच्या भित्तिपत्रकात तो आला. विषय होता तिच्या गल्लीतला बंद पडलेला दिवा, आणि खाली नगरसेवकाचं नाव-पद नीट लिहिलेलं होतं.

प्रशिक्षकांच्या नेमणुका वसंतातच होतात आणि त्यांचं प्रशिक्षण जूनच्या सुरुवातीला असतं. म्हणून जे ठरवायचं ते मार्चपर्यंत ठरायला हवं, गणपतीनंतर उपयोग नाही. आपल्या भागात असं शिबिर कुठे भरतं ते मोठ्या कृष्णवर्णीय चर्चमध्ये एक फोन केला तरी कळतं. फोन करा, जाऊन भेटा, काय कमी पडतं ते त्यांनाच विचारा. आमच्या मंडळापुढे मी पुढच्या बैठकीत ठराव मांडते आहे : दोन प्रशिक्षकांचं मानधन आणि पोहण्याच्या दिवसांची बस, सलग तीन वर्षं. आपल्याकडे काय ठरतं ते कळवलंत तर मला तो ठराव मांडताना बळ येईल.

आपली,
मराठी शाळेतली एक शिक्षिका
केरी, नॉर्थ कॅरोलिना